रेवाची कूस बदलताना

आमची मुलगी रेवा अवेळी जन्मली. तिचं सगळं आयुष्य सिंगापूरच्या एका हॉस्पिटलातल्या काचपेटीत गेलं आणि ती घरी आली नाही. शेवट आधीच सांगून टाकतोय. त्या दिवसांत मी असले अनुभव शोधून शोधून वाचायचो आणि प्रत्येक वेळी आधी शेवटचा परिच्छेद बघायचो. तिथे बाळ घरी गेलेलं असेल तरच बाकीचं वाचायचो. तुमचं बाळ आज अशा पेटीत असेल आणि हे झेपणार नसेल, तर खुशाल बाजूला ठेवा. तुमच्या बाळाचं असंच होईल असं मुळीच नाही. त्याच खोलीतली कितीतरी बाळं आमच्या डोळ्यांदेखत घरी गेली.

जे वाचणार आहेत त्यांना एवढंच सांगायचंय. इतक्या लहान जिवासाठी आईबापांना काहीच करता येत नाही असं वाटतं, ते खरं नाही. तिला कुठल्या कुशीवर ठेवायचं, हात कुठे, पाय कसे, एवढं आमच्या हातात होतं. तेवढं आम्ही केलं.

*

केतकीला, माझ्या बायकोला, सहावा महिना संपत आला होता. आम्ही सिंगापूरच्या बुकित बातोक भागात राहतो. मी रॅफल्स प्लेसच्या एका बँकेत कॉम्प्युटरचं काम बघतो, ती जवळच्याच ऑफिसात अकाउंटंट. त्या आठवड्यात तिला चपला होईनात. “पाय बघ कसे टम्म फुगलेत,” म्हणून ती हसत होती. मग डोकं दुखायला लागलं ते थांबेचना. नेहमीच्या तपासणीला गेलो, तर नर्सने ब्लडप्रेशर घेतलं, मशीन बदलून पुन्हा घेतलं, आणि तडक डॉक्टरांना बोलवायला गेली. तिचं ते घाईने वळणं मला अजून आठवतं.

डॉक्टरबाई खुर्ची ओढून केतकीच्या अगदी समोर बसल्या. “बाळ आजच बाहेर काढावं लागेल. नाहीतर दोघींच्याही जिवाला धोका आहे.”

“एक आठवडा थांबलं तर?” केतकीने विचारलं. जणू ऑफिसातल्या कामाची मुदत वाढवून मागत होती.

“मी थांबले असते,” त्या म्हणाल्या, “तुमचं शरीर थांबणार नाही.”

ऑपरेशनच्या वेळी मी रडण्याचा आवाज ऐकायला कान टवकारून बसलो होतो. तो आलाच नाही. पाचसहा माणसं एका कोपऱ्यात वाकून काहीतरी करत होती. मग आमची मुलगी माझ्यासमोरून गेली, पारदर्शक प्लास्टिकच्या पिशवीत गळ्यापर्यंत गुंडाळलेली. अंगातली ऊब जाऊ नये म्हणून तसं करतात, हे मला नंतर कळलं. तेव्हा वाटलं, सगळं संपलं.

केतकीचं ब्लडप्रेशर उतरेना, तिला वेगळ्या वॉर्डात नेलं. तिथून तिला हलवायची परवानगी नव्हती. त्यामुळे मुलीकडे मी एकटाच गेलो.

*

काचपेट्यांच्या त्या खोलीत पहिल्यांदा गेलं की काय दिसतं ते कुणी आधी सांगत नाही. मी मशीन्सची तयारी मनाशी करून गेलो होतो. पण मशीन्सचं काही वाटलं नाही. तिचे हात बघवत नव्हते. ती उताणी होती. मध्येच दोन्ही हात झटकन बाहेर फेकायची, बोटं फाकलेली, जणू उंचावरून पडतेय आणि काहीतरी धरायचंय.

“ती पडतेय असं वाटतं,” मी म्हणालो.

“तिलाही तसंच वाटतंय,” नर्स म्हणाली. तिचं नाव हुई मिन. इथल्या नर्सेस बापाला डॅडी आणि आईला ममी म्हणतात. “आत होती तेव्हा हात लांब केला की ममी लागायची, पाय मारला की ममी लागायची. आता काहीच लागत नाही. या डॅडी, हात धुऊन या. तुम्ही भिंत व्हा.”

तिने मला शिकवलं. एक तळहात डोक्याला, दुसरा दुमडलेल्या पायांना. दाबायचं नाही, कुरवाळायचं तर मुळीच नाही, कारण कातडी इतकी पातळ की मायेने फिरवलेलं बोटसुद्धा टोचतं. नुसता हात ठेवायचा आणि ठेवूनच द्यायचा. काढतानाही सावकाश, आधी एक हात, मग थोडं थांबून दुसरा.

माझ्या एका तळहाताखाली तिचं पाऊण अंग झाकलं गेलं. थोडा वेळ ती वळवळली. मग हात आत आले, एक मूठ गालाशी गेली, आणि ती शांत झाली. त्या क्षणी मी बाप झालो.

पहिले काही दिवस तिला उताणीच ठेवायचं होतं, डोकं नाकाच्या सरळ रेषेत, इकडे नाही की तिकडे नाही. मान वळली तर मेंदूतल्या नाजूक शिरांवर ताण येतो, म्हणाले. मग हळूहळू कूस बदलायला लागले. कधी डावी, कधी उजवी, आणि बराच वेळ पालथी. मऊ कापडाच्या गुंडाळ्या करून भोवती घरट्यासारखं कडं करायचं, पायांना टेकायला जागा ठेवायची, गुडघे पोटाशी, हात तोंडाजवळ. कूस बदलायला दोघं लागायचे, एकाने डोकं आणि श्वासाची नळी धरायची, दुसऱ्याने अंग. सगळं शरीर एकसंध वळवायचं. रेवाला पालथं झोपणं फार आवडायचं. पोटावर ठेवली की श्वास खोल व्हायचा, पडद्यावरचे आकडे सुधारायचे आणि मशीनचं ओरडणं थांबायचं.

*

केतकीला व्हीलचेअरवर आणलं तो दिवस सुखाचा असेल असं मला वाटलं होतं. तिने हात धुतले, पेटीच्या गोल खिडकीतून आत घातला आणि रेवाच्या पाठीवरून बोट फिरवलं. कुठलीही आई फिरवील तसं. मशीन ओरडायला लागलं.

“कुरवाळू नको,” मी पटकन म्हणालो. “नुसता हात ठेव. डोक्याला एक आणि...”

तिने हात बाहेर काढला. “मला खोलीत घेऊन चल,” एवढंच म्हणाली.

खोलीत आल्यावर ती भिंतीकडे तोंड करून बोलली. “तुला सगळं येतं. तिला काय आवडतं, काय नाही, सगळं तुला माहीत. माझ्या पोटातून काढली आणि तुझ्या हातात दिली. मी कोण आहे तिची, समीर?”

असं भांडण तुमच्यातही झालं तर घाबरू नका. ते एकमेकांशी नसतं. पण तेव्हा आम्हाला ते कळत नव्हतं. केतकी घरी आल्यावर कितीतरी दिवस आम्ही एमआरटीने, इथल्या मेट्रोने, बरोबर हॉस्पिटलला जायचो आणि शेजारी बसून परक्यासारखे खिडकीबाहेर बघायचो.

हुई मिनच्या हे लक्षात आलं असावं. एकदा कूस बदलायची वेळ झाली तेव्हा मी सवयीने पुढे झालो, तर ती इथल्या बोलण्यातला ‘लाह’ लावून म्हणाली, “डॅडी, तुम्ही आज कॉफी प्यायला जा लाह. ममी करेल.”

मी दाराच्या काचेतून बघत राहिलो. हुई मिनने डोकं धरलं, केतकीने अंग. दोघींनी मिळून रेवाला पोटावर वळवली. केतकीने स्वतः कापडाचं कडं नीट केलं, पाय दुमडून आत घेतले, मूठ तोंडाजवळ सरकवली. मग दोन्ही तळहात ठेवले आणि उभी राहिली. टाके दुखत असणार, तरी खुर्ची घेतली नाही. पुष्कळ वेळाने बाहेर आली तेव्हा तिचा चेहरा वेगळाच होता.

“तिला डावीपेक्षा उजव्या गालावर बरं वाटतं,” ती मला म्हणाली. “तुला माहीत होतं?”

“नाही,” मी म्हणालो. खरंच माहीत नव्हतं.

*

केतकीच्या आई पुण्याहून आल्या. बॅगेत डिंकाचे लाडू, मऊ दुपटी आणि मोहरीची उशी. त्यांनी स्वतः शिवलेली, तळहाताएवढी. आपल्याकडे बाळाचं डोकं गोल व्हावं म्हणून ठेवतात ती.

रेवाला त्यांनी पेटीच्या दोन्ही बाजूंनी फिरून बघितलं. मग हळूच मला म्हणाल्या, “समीर, हिला पालथी का घातलीय हो? चेहरासुद्धा दिसत नाही. आणि डोकं बघा ना, दोन्हीकडून चपटं व्हायला लागलंय. अशी लांबट डोकी नंतर नाही हो सुधारत.”

“आई, तिला तसा श्वास नीट घेता येतो.”

“असेल. पण माझ्या हाताखाली चार बाळं वाढली. पालथी कुणी घातली नव्हती.”

केतकीने उशी हुई मिनला दाखवली. तिने ती हातात घेतली, आतली मोहरी बोटांनी चाचपली, तिचा वास घेतला. “माझी आजी हिरव्या मुगांची करायची,” ती म्हणाली. “पण आता नाही. घरी गेल्यावर डॉक्टरांना विचारा. आत्ता मान जराही दुमडून चालत नाही.” केतकीने ते मराठीत सांगितलं. आईंनी उशी पर्समध्ये परत ठेवली आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा घेऊन आल्या. रोजच आणायच्या. काढायच्या मात्र नाहीत.

त्यांना चेहरा बघायला मिळावा म्हणून केतकी खाली वाकून कुठल्या कोनातून नाक दिसतं, कुठून पापणी, ते दाखवायची. त्या गुडघे दुखत असतानाही ओणव्या व्हायच्या. “नाक आमच्याकडचं आहे,” असा निकाल त्यांनी दिला. त्यावर मी आणि केतकी कितीतरी दिवसांनी एकमेकांकडे बघून हसलो.

मग कांगारूचा दिवस आला. कपड्यांच्या आत, आईच्या उघड्या छातीवर बाळाला पालथं ठेवायचं, बेडकाच्या पिल्लासारखे पाय दुमडून, कान आईच्या हृदयापाशी. नळ्या सांभाळत दोन नर्सेसनी रेवाला उचलली आणि केतकीच्या छातीवर ठेवली, वर दुपटं टाकलं. केतकी मागे रेलून, डोळे मिटून बसली. “माझ्यात परत आली,” ती पुटपुटली. डोळ्यांतून पाणी कानांकडे ओघळत होतं आणि पुसायला तिचा एकही हात मोकळा नव्हता. मी पुसलं.

त्यानंतर रोज ती तशी बसायची. रेवाचं वजन वाढत होतं. हुई मिन म्हणायला लागली होती, “थोड्या दिवसांनी हिला उताणी झोपायची सवय लावू. घरी सगळी बाळं उताणीच झोपवायची असतात.” हे ऐकून आई माझ्याकडे विजयी मुद्रेने बघायच्या. आम्ही घरी जाण्याबद्दल बोलत होतो. शब्द मोठ्याने उच्चारायची भीती वाटायची, पण बोलत होतो.

*

बिघडलं ते सगळ्यात आधी केतकीला कळलं.

सकाळी तिने रेवाला पोटावर वळवली, कडं नीट केलं, हात ठेवले. रेवा शांत होईना. चेहरा आक्रसला, पाठ ताठ झाली, पाय मागे फेकायला लागली.

“हिला आज पालथं नकोय,” केतकी म्हणाली.

“दमली असेल,” मी म्हणालो.

“नाही समीर. हिचं पोट दुखतंय.”

तिने हुई मिनला बोलावलं. दोघींनी मिळून रेवाला वळवली. पोट फुगून चकाकत होतं, त्यावर निळसर शिरा. हुई मिनचा हात क्षणभर जागीच थांबला. मग ती भराभर कामाला लागली. डॉक्टर आले, एक्सरे झाला, नळीने देत होते ते दूध बंद झालं. आतड्याला सूज आली होती. अवेळी जन्मलेल्या बाळांना असं होतं, म्हणाले. कुणाच्या चुकीने नाही, दुधाने नाही, हाताळण्याने नाही. केतकीने हे डॉक्टरांकडून तीन वेळा म्हणवून घेतलं, आणि तरी तिचा विश्वास बसला नाही. माझाही.

त्या दिवसापासून रेवा पुन्हा उताणी. भोवतीचं कडं काढलं, कारण पोट सतत दिसायला हवं. औषध देऊन तिला गुंगीत ठेवलं होतं. हात दोन्ही बाजूंना सैल पडलेले. पूर्वी ती हात फेकायची तेव्हा मला बघवायचं नाही. आता वाटत होतं, एकदा तरी फेकावेत.

आतडं फाटलं. सर्जन येऊन, ऑपरेशन तिला झेपणार नाही असं सांगून गेले. दुपारी रेवाच्या डॉक्टरबाईंनी आम्हाला लहान खोलीत नेलं. तिथे सोफा होता आणि टेबलावर टिश्यूचं खोकं होतं. ते बघूनच मी समजलो. “आम्ही करतोय त्याने आता तिला फक्त त्रास होतोय,” त्या म्हणाल्या. “तिला तुमच्याजवळ द्यावं असं मला वाटतं.”

केतकीने विचारलं, “तिला दुखेल?”

“नाही. ते आम्ही बघू. तुम्ही तिला धरा.”

*

रेवाला त्याच खोलीत आणलं. एकच नळी राहिली होती, तीही काढणार होते. केतकी सोफ्यावर बसली आणि हुई मिनकडे बघत म्हणाली, “कशी घेऊ?”

ती सवयच झाली होती. प्रत्येक वेळी विचारायचं, कुठली कूस, मान कशी, पाय कसे.

“ममी,” हुई मिन म्हणाली, “तुम्हाला हवी तशी घ्या.”

केतकीने तिला आडवी मांडीवर घेतली. डोकं कोपराच्या खळग्यात, चेहरा वर, दुपट्याचं टोक हनुवटीखाली. गल्लोगल्ली आया घेतात तशी. अशी तिला आम्ही एकदाही घेतली नव्हती. नाकातोंडावरच्या पट्ट्या काढल्यावर तिचा सगळा चेहरा आम्ही पहिल्यांदा बघितला. वरचा ओठ माझ्यासारखा होता. आई जवळ आल्या, या वेळी त्यांना ओणवं व्हावं लागलं नाही. “गुणाची गं माझी,” म्हणत त्यांनी तिच्या कपाळाला अंगठा लावला.

केतकी अंगाई म्हणेल असं मला वाटलं. ती म्हणाली नाही. ती रेवाला घर सांगत बसली. आपल्या घराच्या खिडकीतून टेकडी दिसते, खाली झोपाळा आहे, बाबा चहात साखर जास्त घालतात. बोलता बोलता ती थांबली. डॉक्टरबाईंनी वाकून स्टेथोस्कोप लावला आणि मान हलवली.

नंतर हुई मिन आणि केतकीने तिला कोमट पाण्याने अंघोळ घातली. पहिली. आईंनी आणलेलं झबलं खूप मोठं झालं. पाठीमागे दुमडून पिनेने लावलं. तिला पांढऱ्या लहान पेटीत ठेवताना हुई मिनने आईंकडे वळून हातानेच खूण केली, ती उशी आहे का? आईंनी पर्स उघडली. हुई मिनने रेवाचं डोकं उचलून धरलं, आईंनी उशी खाली सरकवली आणि मोहरी सारखी केली.

पुण्याच्या गुरुजींना फोन केला, तर ते म्हणाले, एवढ्या लहान बाळाला विधी नसतात. मला राग आला. आमच्याकडे करायला काहीतरी हवं होतं. इथे दहन केलं, आणि लहान होडीतून समुद्रात जाऊन आम्ही दोघांनी तिला पाण्यात सोडलं. मूठभरच होती.

*

बरं झालो का, असं लोक विचारत नाहीत, पण त्यांना तेच विचारायचं असतं. केतकी ऑफिसला जाते. मीही. काही दिवस दूध येतच राहिलं. शरीराला कोण सांगणार? ती बाथरूममध्ये दार लावून रडायची आणि मी बाहेर जमिनीवर बसायचो. आता तेवढं नाही. मात्र कुणी बाळाला खांद्यावर टाकून समोरून गेलं की आम्ही दोघंही वेगवेगळ्या दिशांना बघतो.

काही महिन्यांनी केतकी म्हणाली, हुई मिनला भेटून येऊ. आम्ही बेसनाचे लाडू घेऊन गेलो. वॉर्डाच्या बाहेरच्या बेसिनपाशी एक तरुण मलय मुलगा कोपरापर्यंत हात धूत होता. नुकताच बाप झालेला, शर्टाच्या बाह्या भिजलेल्या. पुन्हा पुन्हा साबण घेत होता. त्याला आत जायची भीती वाटत होती हे मला कळलं. केतकीलाही कळलं असणार.

“तुमचं बाळ पण आत?” त्याने विचारलं.

“मुलगी. त्या पलीकडच्या कोपऱ्यात होती,” केतकी म्हणाली.

“होती? ऑलरेडी गो होम, इज इट?” त्याचा चेहरा एकदम उजळला.

मी केतकीकडे बघितलं.

“हो,” ती म्हणाली. “गेली.”

“अशी लहानच होती?”

“अशीच लहान. हात कसे ठेवायचे ते नर्स दाखवतील, ते शिकून घ्या. बाळाला कळतं.”

त्याने नळ बंद केला, हात कोरडे केले आणि दार ढकलून आत गेला.

लाडू देऊन आम्ही परत निघालो. लिफ्टमध्ये केतकी म्हणाली, “समीर, मी खोटं बोलले.”

तळमजला आला, दार उघडलं, पण ती बाहेर पडेना.

“त्याला आज आत जायचं होतं रे,” ती म्हणाली.